एक्केचाळिसावा सांधा

काटोविट्सेत शेवटची ट्राम बारा वाजून नऊ मिनिटांनी जाते.
तोवर बोगुमिला कॉफी ढवळत नाही,
चमचा कपात नुसता उभा.
रूळ गप्प झाले की ती बोट उचलते
आणि काचेपलीकडे चौघे जण
उतरलेल्या तारा पुन्हा चढवू लागतात.

डायलवर काटे हलतात. त्यांच्याकडे मी बघतो,
मी नवा, केबली गुंडाळणारा.
ती स्वरलिपी वाचते. लाल पेन्सिल, निळी पेन्सिल.
"सातवा टेक इथपर्यंत. पुढे अकरावा.
व्हिओला उतरलाय,
पण त्याआधीचा श्वास ठेव, तो सुरात आहे."
मी म्हटलं, काटा तर जागचा हलला नाही.
"काट्याला कळत असतं," ती म्हणाली,
"तर मला चौदा वर्षं पियानोपुढे कुणी बसवलं असतं?"

पहाटे कापाकापी.
त्या वर्षी दुकानात ब्लेडं नव्हती,
नवऱ्याच्या दाढीची ती इथे आणायची.
लुड्विक वाढल्या दाढीनिशी खाणीत उतरायचा,
कुणी विचारलंच तर म्हणायचा, संगीतासाठी.

टेप ती दोन्ही हातांनी हेडवरून मागेपुढे ओढते,
चेलो म्हशीसारखा हंबरतो,
हंबरता हंबरता एके जागी थांबतो.
पांढरी खूण. काप.
तिरका, कारण सरळ कापलेलं ऐकू येतं.

चाळीस सांधे जमले. एक्केचाळिसावा तिला पटेना.
म्हणाली, इथे खोली बदलते,
अकराव्या टेकला बाहेर बर्फ पडू लागलं होतं.
मला काही कळलं नाही.
अजून कळत नाही.

सेवेरिननं सगळं ऐकलं, उभ्यानं, कोट न काढता.
संपल्यावरही रीळ फिरत राहिलं, टेपचं शेपूट फटफटत.
"हे मी वाजवलेलं नाही. इतकं चांगलं मला येत नाही."
"वाजवलंस," ती म्हणाली,
"फक्त एकाच रात्री नाही."

तो हसला नाही. टोपी घेऊन जिन्यापर्यंत गेला,
आणि परत आला.
"उरलेलं कुठे आहे?"

तिनं पायानं टोपली पुढे सरकवली.
तपकिरी भेंडोळी, वीतभर, बोटभर,
चुकलेल्या बो, खोकला, कुणाची तरी शिवी.
न बघता त्यानं एक मूठ उचलली,
व्हायोलिनच्या पेटीत, मखमलीखाली दाबली,
कड्या लावल्या.

बाहेर पहिली ट्राम.
बोगुमिलानं वर पाहिलं नाही.
एक्केचाळिसाव्याची चिकटपट्टी
ती नखानं उकलत होती.