वतां गो

केप्याच्या कोर्टात पंख्याचं एक पातं कुरकुरत होतं
आणि लाडूबाय वेळीप चपला काढून पिंजऱ्यात उभी होती,
देवळात उभं राहावं तशी.
दावा साधा. कुळागरातून झरीपर्यंत
एकशे चाळीस पावलांची, सुपारीच्या झावळ्यांनी झाकलेली
एक वाट.
मी भाटकाराचा वकील. वय तेहतीस. काळा कोट थोरल्या भावाचा.

विचारलं, कुंपणाशी आल्यावर तुम्ही काय करायचा?
म्हणाली, हाक मारायची. बाये, वतां गो.
जाते गं, म्हणून?
व्हय. रोज. कळशी कमरेवर घेतली की तोंडातून यायचंच.

एवढंच हवं होतं मला.
परक्याच्या जमिनीतून उघडपणे, न विचारता
ठरलेली वर्षं चाललात तर वाट तुमची होते.
विचारून चाललात तर नातवंडं म्हातारी झाली तरी
ती मेहेरबानीच.

न्यायाधीशांनी टायपिस्टला सांगितलं,
लिही, साक्षीदार मालकिणीला सांगून जात असे.
मी उठलो. विचारून, सर.
पंखा कुरकुरला.
बरं, विचारून.
बोटांची पाच-सहा टकटक, बस.

मग कायतान रिबेलो उभे राहिले.
सत्तरी ओलांडलेले, गुडघा धरून,
कानात यंत्र, तेही सोयीनं चालू-बंद.
एकही पुस्तक उघडलं नाही.
म्हणाले, सर, घराबाहेर पडताना मी बायकोला म्हणतो, येतो.
ती परवानगी देत नाही, दूध आणायला सांगते.
मागणारा माणूस थांबतो, सर.
दारातला भिकारी थांबतो. आम्ही सगळे
इथं तारखेसाठी थांबतो.
आणि मग कोकणीतच, माझ्याकडे वळून,
'ह्या बायेन केन्ना वाट पळयली?'
कधी पाहिली हिनं वाट? ही वाट चालली.

शिरस्तेदारसुद्धा हसले.
मी ते वाक्य माझ्या वहीत उतरवून घेतलं, चोरासारखं.

उत्तर होतं माझ्याजवळ.
मालकीण गप्प राहिली, ते गप्प राहणंही देणंच होतं;
नकार तिच्या हातात होता, तिनं तो वापरला नाही इतकंच;
घरच्या माणसाला आपण दरवेळी कुठे हो म्हणतो?
चांगलं उत्तर होतं. अजूनही वाटतं.
न्यायाधीशांनी ते सावकाश लिहून घेतलं.

मार्चमध्ये जागेची पाहणी झाली.
हवेत काजूच्या बोंडांचा आंबूस वास.
कमिशनर टेपच्या त्या टोकाला आकडे ओरडत होता,
रिबेलो गुडघ्यामुळे बरेच मागे.
लाडूबाय पुढे, तिच्या मागे मी.
कुंपणाची आगळ उचलली तिनं
आणि मान न वळवता हाक मारली,
बाये, वतां गो.

घराला कुलूप होतं.
मालकीण जाऊन अकरा वर्षं झालेली;
मृत्यूचा दाखला माझ्याच फायलीत, पान त्रेचाळीस.
ओसरीवरून एक मांजर उठलं, पुन्हा बसलं.
लाडूबाय तोवर झरीपाशी पोचली होती.

रेकॉर्डवर नाही ते घडलेलं नाही.
मला हे कॉलेजात शिकवलं,
मी आता ज्युनियर पोरांना शिकवतो.

निकाल आमच्या बाजूनं लागला.
सतराव्या परिच्छेदात 'विचारून' हा शब्द
ठळक अक्षरांत.
भाटकारानं फीबरोबर सुपारीची एक गोण पाठवली,
ती जिन्याखाली तशीच आहे.

अपील मडगावला.
काल कँटीनमध्ये रिबेलो माझ्यासमोर येऊन बसले,
पातळभाजीत पाव बुडवत म्हणाले,
त्या दिवशी कुंपणाशी ती काही बोलली का रे?
मला लांबून वाटलं तसं. यंत्र बंद होतं माझं.

मी म्हटलं, थांबा, आठवतो.

त्यांनी पाव बशीत ठेवला,
कानातलं यंत्र बोटानं नीट बसवलं
आणि वाट पाहू लागले.