नोटरीची छत्री

आमच्या यादीत त्याला क्रमांक आहे, डबा नाही.
तूरिन, एकोणीसशे तेरा. विनोदी. तीन रिळं,
लांबी नऊशे चाळीस मीटर.
सेन्सॉरने कापलं: दुसऱ्या रिळातली एक पोटरी.
शेरा: अनुपलब्ध.
शेरा माझ्याच अक्षरात आहे.

मूळ नाटक पिएमोंतच्या बोलीतलं,
सगळी गंमत जिभेवर.
त्यातला नोटरी वारसांना वासरं म्हणायचा,
विधवेला विधेयक,
आणि मागच्या रांगांतले लोक खुर्च्या आपटायचे.
असल्या नाटकाचा मूकपट करणं
म्हणजे मिठाशिवाय लोणचं घालणं.
तरी घातलं. कंपनीकडे छत्री होती,
ओरेस्ते बावास्त्रोच्या डोक्यावर कर्ज होतं.

लोक फारसे हसले नाहीत म्हणे.
पाद्री कारंज्यात पडला तेव्हा थोडे.
एक मुलगी मात्र हसत सुटली,
इतकी, की दारवानाने तिला बाहेर नेऊन बसवलं.
जिनेव्रा पाउतास्सो, वय एकोणीस, शिवणकाम,
चौथ्या वर्षी गोवरात कान गेलेले.

मी भेटलो तेव्हा ती ब्याऐंशीची.
चौथा मजला, लिफ्ट नाही, खिडकीत पो नदीचा एक तुकडा.
माझे प्रश्न ती ओठांवरून उचलायची,
उत्तरं लिहायची शिंप्याच्या खडूने
मांडीवरच्या काळ्या कापडावर,
तळहाताने पुसायची, पुढचं लिहायची.

तो नाटकातलं काही बोलतच नव्हता, तिने लिहिलं.
न्यायाधीशासमोर हात उंचावून:
दोन महिन्यांचं भाडं थकलंय, घरमालक खाली उभा आहे.
मृत्युपत्र वाचताना, डोळे पुसत:
कोबी. कालही कोबी. परवाही कोबीच.
प्रियेपुढे बसून, हात छातीवर:
देल्फिना, गुडघा गेला माझा, लवकर हो म्हण,
नाहीतर तो हँडल फिरवणारा गाढव
पुन्हा घ्यायला लावेल.

मी हसलो. तिने माझं हसणं बघितलं,
नीट बघितलं, कापडाचा पोत बघावा तसं.

शेवटी, छत्रीखाली,
तो थट्टा सोडून खरं काहीतरी बोलला.
काय, ते तिने लिहिलं नाही.
माझ्यासाठी नव्हतं ते, एवढंच.
मग देल्फिना काय म्हणाली?
मी सावकाश विचारलं, ओठ नीट हलवत.
खडू थोडा वेळ तसाच.
पाठ होती तिची कॅमेऱ्याकडे.
मी सहा वेळा गेले. सहाही वेळा पाठच.

युद्धात रिळं धुऊन चांदी काढली,
उरलेल्या सेल्युलॉइडची बटणं झाली म्हणतात.
हे मी सांगायच्या आतच तिने लिहिलं होतं:
त्या वर्षी फार बटणं लावली.
कोटांना नाही, शिपायांची पितळेची असत.
बायकांच्या काळ्या झग्यांना.

निघताना ती दारापर्यंत आली.
खडू आत राहिला होता.
ओठांनीच काहीतरी बोलली, आवाज न काढता,
लांबलचक वाक्य असावं, मध्ये एकदा हसलीही.
मला ओठ वाचता येत नाहीत.
मी हो म्हणालो
आणि चार मजले उतरलो.