चौकशी

चौकीचा दिवा लाल.
मागच्या दोन खोल्या आमच्या.
बदलीच्या कागदावर माझं नाव नव्हतं,
पण पहिल्याच रात्री दोन वाजता दार वाजलं,
कुरामोची धक्क्याकडे गेला होता,
म्हणून मी उघडलं.
तेव्हापासून मीच उघडते आहे.

उशिगाहामात घरं एकशे चाळीस,
दिवा लागणारी ब्याण्णव.
वर्षातून दोनदा नवरा घरोघर जातो,
काखेत वही, पायांत पुसलेले बूट:
माणसं किती, औषध कुठलं चालू,
भूकंप झालाच तर कोणाला कळवायचं.
त्या शेवटच्या रकान्यात
सहा घरांनी माझं नाव घातलंय.
माझं. चौकीचं नाही.

लोक काय काय सापडलेलं आणून देतात.
एक हातमोजा. रुमालात गुंडाळलेली कवळी.
ती कोणाची, हे मला बघताक्षणी कळलं,
तरी नोंद केली, अनुक्रमांक घातला,
आणि धनी आला तेव्हा ओळख नसल्यासारखी
सहीला वही पुढे केली.
जिथे सगळ्यांना सगळं ठाऊक असतं
तिथे एवढं तरी राखावं लागतं.

तोकिए आजी दर गुरुवारी येते,
सायकल हरवल्याची तक्रार घेऊन.
सायकल नवऱ्याची. नवऱ्याला जाऊन अकरा वर्षं झाली.
मी लिहून घेते: रंग हिरवा,
मागे निळी दोरी, घंटी नाही.
चहा देते.
चहाच्या तळाशी ती तक्रार विसरते
आणि उन्हातून हळूहळू घरी जाते.

नोव्हेंबरात सायकल दिसली.
कालवं सोलायच्या शेडमधला पोरगा, थिएप,
व्हिएतनामहून आलेला,
मागे तांदळाचं पोतं बांधून चालवत होता.
कुरामोचीने शिट्टी मारली नाही,
नुसता हात वर केला. तो चांगला माणूस आहे.
त्या चांगल्या माणसाने
पोराला चाळीस मिनिटं वाऱ्यात उभं केलं.
नंबर मेलेल्या माणसाच्या नावावर.
सायकल ओळखीची होती,
माणूस नव्हता.

मला फोन आला तेव्हा मी वही चाळली.
एप्रिलमधला एक गुरुवार, समासात, माझंच अक्षर:
आजी म्हणते, सायकल शेडमधल्या पोराला दिली,
बिचारा पायी जातो.
त्या दिवशी तक्रार नव्हती,
म्हणून अनुक्रमांक नव्हता,
म्हणून तो मजकूर कुठेच नव्हता.

त्या शेडमागच्या गोदामाचं कार्डही पाहिलं.
राहणारे: कामगार, सहा.
कोणाला कळवायचं: कंपनी.
नावं विचारायला आजवर कोणी गेलं नव्हतं.

मग कुरामोची गेला. बूट पुसून,
खोका भरून संत्री घेऊन, आणि मी बरोबर.
दारातून म्हणाला, "जरा चौकशीला आलो."
सहाच्या सहा जण उठले.
कोणी काही मागितलं नव्हतं,
तरी ताटं सरकवून त्यांनी टेबलावर
सहा पासपोर्ट ओळीने मांडले.

हाच शब्द, हाच आवाज.
तोकिए आजी तो ऐकून लोणच्याची बरणी काढते.

परत येताना नवरा बोलला नाही.
धक्क्यापाशी थांबून एक बूट काढला,
त्यातला खडा शोधत राहिला.
मला वाटतं खडा नव्हता.

आता कार्डावर सहा नावं आहेत,
मला अजून नीट उच्चारता येत नाहीत.
थिएपला मी विचारलं, कळवायचं कोणाला?
त्याने बराच विचार केला
आणि आजीचं नाव सांगितलं.
मी लिहिलं. नियमात बसतं का, पाहिलं नाही.

तरी चौकीसमोर तो अजून खाली उतरतो.
सायकल हातात धरून, मान खाली घालून
लाल उजेड ओलांडतो,
आणि वळणापलीकडे गेल्यावर बसतो.

आज गुरुवार.
रंग हिरवा, आजी सांगते, निळी दोरी,
घंटी नाही.
मी लिहिते, घंटी नाही.
वळणापलीकडे ती वाजते.