पाचा उतरणींची

आमच्याकडे रांजण जमिनीत पुरलेले असतात,
गळ्यापर्यंत.
अलाझानीच्या खोऱ्यात कुणाच्याही तळघरात या,
पायाशी नुसती तोंडं दिसतील,
आ वासून द्राक्षांची वाट बघणारी.

सप्टेंबरात कुणीतरी आत उतरून ते घासायचे.
चेरीच्या सालीचा कुंचा, राख, चुन्याचं पाणी.
पण जुनी वाइन जाताना तळाशी आपला श्वास सोडून जाते.
त्याला रंग नाही, वास नाही,
माणूस निजतो आणि उठत नाही.
म्हणून आधी मेणबत्ती सोडायची, विझली तर उतरायचं नाही.
आणि उतरल्यावर बोलत राहायचं.
वरच्याने दोर धरून हुंकार द्यायचा.

काय बोलायचं, तेही ठरलेलं:
एक माणूस रांजणात उतरला.
वर त्याची मुलगी होती. तिला तो म्हणाला,
एक माणूस रांजणात उतरला.
वर त्याचा भाऊ होता. त्याला तो म्हणाला…
दर वेळी माणूस निराळा, गाव निराळं,
रांजण आधीच्याहून थोडा लहान.

याला आम्ही नुसतं उतरण म्हणतो.
पाच उतरणी. पाचव्याने काहीच सांगायचं नाही,
तळाला तळहात टेकून सात श्वास गप्प बसायचं.
मग तळापासून एकेकाला बाहेर काढायचं.
असं म्हणाला, आणि वर आला.
असं म्हणाला, आणि वर आला.
एकाला जरी विसरलात
तर त्या वर्षीची वाइन आंबते, असं म्हणतात.
आमच्याकडे ती तशीही आंबायची.

माझे वडील, उशांगी, यात पटाईत.
त्यांचा तिसरा माणूस नेहमी तोतरा,
चौथा मेण विकायचा आणि वजनात मारायचा.
मी अकरा वर्षांची, मनगटाला दोराचे दोन वेढे,
हं म्हणायचे आणि अक्रोड फोडायचे.

त्या वर्षी मक्वालाबाईंच्या मोठ्या रांजणात
मेणबत्ती सोडायची राहून गेली.
बाबा पाचव्यापर्यंत पोचले. गप्प झाले.
सात श्वास.
मला वाटलं, आज काय सुरेख गप्प राहिलेत.
नऊ.
मी अक्रोड तोंडात टाकला.
तेरा.

चौघांनी ओढून काढले. जगले.
नंतर एकोणीस वर्षं जगले, माझ्या लग्नात नाचले,
पण जेवता जेवता मान वर करायचे,
छताला कुणी गोल भोक पाडलंय तसे बघायचे,
आणि कुणी काही बोललेलं नसताना म्हणायचे, हं.
गाव तोंडाने काही म्हणालं नाही. गाव मोजतं.
पाचा उतरणींची कहाणी,
सुफळ ना संपूर्ण.
मग एका फेब्रुवारीत आम्ही त्यांना पुरलं,
या वेळी गळ्याच्याही वर.

आता मी उतरते. खांदे अरुंद आहेत माझे.
वर भाचा, बेसो, एका हातात दोर, एका हातात फोन.
मेणबत्ती नीट जळली. मी सुरू केलं:
उशांगी नावाचा माणूस मक्वालाच्या रांजणात उतरला.
वर त्याची मुलगी होती, अक्रोड खात होती.
तिला तो म्हणाला,
एक माणूस रांजणात उतरला…
तोतरा आला. मेणवाला आला, तसाच लबाड.
बेसो म्हणाला, आत्या, हा सहावा. नियम पाचाचा आहे.
म्हटलं, हुंकार दे.

तळ गार होता. सात श्वास.
सातव्याला मला घाई झाली नाही, एवढंच सांगते.

मग एकेक. तो वर आला. मेणवाला वर आला.
तोतऱ्याला वेळ लागला, असं म्ह, असं म्ह,
बेसो हसला, त्यालाही वर घेतलं.
शेवटी,
असं उशांगी म्हणाला,
आणि वर आला.

बराच वेळ वरून हं आला नाही.
मग बेसोने विचारलं, आता आत कोण आहे?
मी आहे, म्हटलं. थांब जरा,
गळ्याखाली अजून एक डाग राहिलाय.