समेच्या जरा नंतर

मुहर्रकच्या गच्चीवर, दोरीला, एक पांढरा शर्ट.
बस, एवढीच फिल्म. चार मिनिटं अकरा सेकंद.
ऑगस्टातली हवा, तीही जेमतेम.
कॅमेरा पाण्याच्या टाकीवर; टाकी तापलेली,
म्हणून खाली टॉवेलची चौघडी.

याकूब बलोच टायरच्या दुकानात बेंजो वाजवतो,
आपल्याकडे वरातीत वाजतो त्याचा हा चुलतभाऊ,
जरा अबोल.
म्हणाला, चित्र दाखवू नकोस, लांबी सांग.
मी सांगितली, शिंप्याला सांगावी तशी.
शटर ओढून रात्री वाजवलं त्याने.
शेजारच्या शीतगृहाचा कंप्रेसर काळी दोनच्या आसपास घुमतो,
त्याच्याशीच जुळवून घेतलं.

पहिल्यांदा मी बरोब्बर बसवलं:
बाही उचलली की तार.
लगेच शर्टाची कळसूत्री बाहुली झाली.
सूर मागे सरकवला. तीन फ्रेम. सात.
सांगलीला क्लासात मास्तर म्हणायचे,
समेनंतर आलीस तर अतीत,
आधी आलीस तर अनाघात,
आणि नुसतीच हुकलीस
तर घरी जा.
अकरा फ्रेम.
बाही वर गेली, रिकामी,
आणि तार नंतर वाजली,
हाक मारल्यावर आतल्या खोलीतून
ओ यावी तशी.

तिसऱ्या मिनिटाला याकूबची तार तुटली आहे.
ते त्याने ठेवलं.
नऊ सेकंद नुसता कंप्रेसर,
आणि माझ्याकडे नेमकी तिथेच
उतरणाऱ्या विमानाची सावली
खिशावरून कॉलरवर, कॉलरवरून बाहेर.
मी जुळवलं नव्हतं. शपथ.

शिंप्याच्या दुकानावरच्या खोलीत तेराजण जमले.
फिलोमिनाने विचारलं, शर्ट कुणाचा?
आधीच्या भाडेकरूचा, मी म्हटलं,
आणि पाणी प्यायले.
याकूब पहिल्यांदाच बघत होता.
दिवे लागल्यावर कान खाजवत म्हणाला,
मी तर होडीसाठी वाजवलं होतं.

घरी येऊन परत लावली. आवाज बंद करून.
होडीच.
किती वेळा पाहिलं तरी आता होडीच.

गच्चीवर शर्ट तसाच आहे,
खाऱ्या वाऱ्याने कडक,
कॉलर वाळूच्या रंगाची.
काढायला हवा.
उद्या.