अण्णांची बशी

डॉक्टर म्हणाले, तीन दिवस गरम काही नाही.
गुळण्या नाहीत, स्ट्रॉ नाही, फुंकरसुद्धा नाही.
तीन दाढा गेलेल्या अण्णांनी
कापसाच्या बोळ्यामागून विचारलं, च्या?
डॉक्टरांनी नुसतीच मान हलवली.

डिसेंबर चालू होता. पेपरात निफाडचा पारा,
हिरावाडीत सकाळी नळाला हात लावला
तर बोटं परत मागावी लागत होती.

मी कॉलेज रोडला कॉफी करते.
दिवसाला शंभर, शनिवारी दीडशे,
छातीवर माझं नाव, वृषालीचं वरुशाली झालेलं.
एका ग्लासाचे दोनशे चाळीस.
हा आकडा घरी कधी बोलले नाही.
पंचवटीच्या मार्केटात ज्यानं चाळीस वर्षं
दुसऱ्यांचे टोमॅटो मापले
त्याला दोनशे चाळीसचे क्रेट किती, ते लगेच कळतं.

रात्री भांडी झाल्यावर
दोन-दोन रुपयांच्या सहा पुड्या फोडल्या,
चार चमचे साखर, वाटीभर गरम पाणी.
काळाभोर काढा निवू दिला
आणि बर्फाच्या ट्रेमध्ये ओतला.
साधा बर्फ वितळतो, सगळ्याचं पाणी करून जातो.
कॉफीचाच बर्फ असला
तर वितळूनही कॉफीच राहते.
दुकानातलं मशीन बिघडलं होतं
त्या आठवड्यात हे सुचलेलं. मालकाला सांगितलं नाही.

सकाळी मिक्सरचं भांडं काढलं.
एकच आहे. त्यातच ठेचा, त्यातच कूट,
त्यातच लसूण-खोबरं.
मूठभर तांदूळ फिरवले, लिंबाची साल घासली,
नाक आत घालून पाहिलं
आणि वास गेला असं ठरवून टाकलं.

मग काळे खडे, वर गार दूध, चमचाभर साय.
झाकणावर तळहात दाबून धरायचा,
नाहीतर ओट्यापासून कॅलेंडरपर्यंत फेसच फेस.
आणि सलग नाही फिरवायचं. थांबत थांबत.
आधी खडी फोडल्यासारखा आवाज,
मग खरखर,
मग एका क्षणी तो आवाज गोल होतो.
तिथंच बंद करायचं.

दारात खैरनार मावशी, कानटोपीसकट.
"ह्या थंडीत बर्फ? बापाला मारती का गं?"
अण्णा मात्र माझ्याकडे बघत होते.
काटा थांबायच्या आधी वजन सांगणारा माणूस,
मी कुठं थांबले ते त्यांना बरोबर दिसलं.

स्टीलचा ग्लास दिला. वर दोन बोटं फेस.
त्यांनी बशी मागितली.
"अण्णा, ही गार आहे."
तरी मागितली.
बशीत ओतली, दोन्ही हातांनी ओठांशी नेली
आणि सवयीनं
फुंकर घालायला गाल फुगवले.

मी ओरडणार होते.
त्यांनाच आठवलं. गाल तसेच फुगलेले,
तोंडातली हवा तोंडातच,
डोळ्यांत पोरगं पकडलं गेल्यासारखं काहीतरी.
मग हळूच नाकानं सोडून दिली.
थंडीत तिची वाफ झाली, बशीवरून निघून गेली.
लांबून बघणाऱ्याला चहाच वाटला असता.

प्यायले. डोळे मिटले, दात नव्हते तिथं
बराच वेळ धरून ठेवली.
दुसरी बशी. तिसरी.

बोलायचं नव्हतं म्हणून
दवाखान्याच्या बिलामागं लिहिलं,
मार्केटातल्या पट्टीसारखं, खाली खाली:
दूध पाव लिटर, पंधरा.
पुड्या, बारा.
साखर, दोन.
लसूण, फुकट.
(मी कपाळावर हात मारला.)
आणि शेवटी मजुरी.
त्याच्यापुढं पेन टेकवून थांबले.
पेन हललं, उचललं, परत टेकवलं.
काही केल्या त्यांचा काटा स्थिर होईना.

खैरनार मावशी अजून दारातच.
कानटोपी एका कानावरून वर सरकवत म्हणाल्या,
"उरली का गं थोडी?"