कोहेईचा दात

टेक घेण्याआधी कूलर बंद करावा लागतो.
मे महिन्यात, सीताबर्डीच्या तिसऱ्या मजल्यावर,
भिंतींना गाद्या ठोकलेल्या खोलीत
मी सत्तावीस वर्षं नऊ वर्षांचा मुलगा आहे.

गुडघा फुटलेला, समोरचा दात पडलेला,
सायकलवरून सारखा आपटणारा कोहेई.
त्याचा दात काही येत नाही.
माझे मात्र दोन गेले, एक बसवला,
आणि 'स' म्हणताना जी शिटी
आधी मुद्दाम काढावी लागे
ती आता आपोआप निघते.

भाषांतराच्या कागदावर नुसते शब्द.
बाकी सगळं हेडफोनमध्ये, डाव्या कानात, ती.
वाक्याआधी किती हवा घेते,
रडण्याआधी नाक कसं ओढते,
"आई" म्हणायच्या आधी
ओठ किती वेळ मिटून ठेवते.
तिच्या भाषेतलं मला अक्षर कळत नाही,
पण भूक लागली की ती कशी बोलते
हे सख्ख्या बहिणीपेक्षा जास्त ठाऊक.

ती पडद्यावर भाताचा गोळा खायची,
मी माईकपुढे सांबारवडी.
भात आहे तो, गजभिये मॅडम, सुखदेव काचेमागून ओरडायचा,
भात कधी कुरकुरते का?
मग मी आतलं सारण तेवढं खायचे.

एकदा कोहेईचं तोंड तीनदाच हललं,
आणि माझ्याकडून निघून गेलं, "काहून बे?"
तंतोतंत बसलं.
मुंबईहून फोन आला, शुद्ध करा.
शुद्ध केलं तर ओठ पुरेनात.

मी तिला पोरगी समजत होते.
असेल पंचविशीतली;
सुरुवातीला मीच तेवढी होते,
दोघी तिथेच थांबलोय असं धरून चालले.
मग चार-पाच वर्षांमागे
लांब वाक्याच्या मधोमध ती अडू लागली.
अर्धा सेकंद.
जिना चढताना बाई कठडा धरते, तेवढंच.
मीही अडू लागले.
धरमपेठेतली एक शिक्षिका भेटली, म्हणाली,
कोहेई हल्ली विचार करून बोलतो हो.

यंदा पहिल्याच भागाला मी हेडफोन काढून ठेवला.
ही ती नाही.
सुखदेव म्हणाला, लेव्हल तर बरोबर येऊन राहिली.
लेव्हल बरोबर होती. आवाजही जवळपास तोच.
कोहेई पडला, ओरडला, हसला.
पडण्याआधी कुणी श्वास धरला नव्हता, इतकंच.

रविवारी कामठीला गेले.
ड्रॅगन पॅलेसच्या आवारात जपानहून आलेली एक मुलगी
तापलेल्या फरशीवर सावलीची पट्टी शोधत उभी.
जुन्या भागाची नामावली
मोबाईलवर तिच्यापुढे धरली.
तिने बोट ठेवलं, सावकाश वाचलं.
फुसाए सेगावा.
मग आपल्या फोनवर काही शोधलं,
दोन्ही हात जोडले,
आणि बोटांनी दाखवलं, आठ. मग एक.
मला वाटलं, भागाचा नंबर सांगते आहे.

परतीच्या बसमध्ये वजाबाकी केली.
मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा
चोपन्नाव्या वर्षी ती झाडावरून उडी मारत होती.
मला आत्ता बावन्न.

आज पुन्हा टेक.
नवी मुलगी चांगली आहे. दम भरपूर,
कुठेच थांबत नाही.
लांब वाक्य आलं,
"सायकल मोडली नाही गं आई, चाक तेवढं वाकडं झालं."
मधोमध मी कठडा धरला.
काचेवर टकटक.
मॅडम, अर्धा सेकंद मागं जाऊन राहिल्या,
पोराचं तोंड मिटलं न तुमचं सुरूच.
असू दे, म्हटलं. तसंच ठेव.
तो बघत राहिला,
मग मान खाली घालून काहीतरी सरकवलं.

हनुवटीवरून घाम कागदावर पडला,
नेमका 'चाक' या शब्दावर.
कूलर लाव बे आता, मी म्हटलं,
कोहेईच्याच आवाजात.